कपाटातली पांढरी पूड

टिचकी मारायची सवय होती डॉक्टरीणबाईंना. मधलं बोट अंगठ्यात अडकवायचं आणि सोडायचं. टेबलावर, औषधाच्या बाटलीवर, चहाच्या रिकाम्या कपावर, बाकावर पेंगणाऱ्या कुणाच्या तरी नवऱ्याच्या खांद्यावर. माझ्या दुकानात आल्या की तांदळाच्या पोत्यावरसुद्धा. पोत्याला टिचकी मारून काय कळतं, असं मी एकदा विचारलं. म्हणाल्या, "काही नाही. हाताला सवय."

ती सवय कुठून आली हे त्यांच्या दवाखान्यात चार दिवस काढलेल्यांना सांगायला नको. दिवस भरायच्या आधी जन्मलेलं मूल तुम्ही जवळून पाहिलं असेल तर तुम्हालाही ठाऊक असेल. ते चांगलं श्वास घेत असतं, छाती खालीवर होत असते, आणि मध्येच थांबतं. रडणं नाही, धडपड नाही. नुसतं थांबतं. ओठ निळे पडायला लागतात. अशा वेळी त्याच्या तळपायाला टिचकी मारायची. मूल दचकतं आणि श्वास पुन्हा सुरू होतो. बाई टिचकी मारायच्या आणि म्हणायच्या, "अगं ए, विसरलीस काय?" मुलगा असला तरी "अगं"च.

भोरात त्यांचं चार खाटांचं प्रसूतिगृह होतं. माझं भुसार मालाचं दुकान रस्त्याच्या पलीकडं, बरोबर समोर. मी मूळचा पासलीचा. बापानं जन्मभर डोक्यावरून हिरड्याची ओझी वाहिली आणि दुसऱ्याच्या काट्यावर घातली. मी ठरवलं होतं, काटा आपला पाहिजे. भोरात भाड्याच्या पडवीत दुकान मांडलं ते नुसत्या जिभेच्या जोरावर. माझ्याकडं माल घालायला येणारे म्हणायचे, ह्या माणसाकडं यायचं तर भाकरी बांधून यावं, सौदा संध्याकाळपर्यंत चालतो. खोटं नव्हतं ते.

बाई पहिल्यांदा तांदूळ घ्यायला आल्या तेव्हा मी नेहमीसारखा चढवून भाव सांगितला. गिऱ्हाइकानं पाडून मागायचं, मी कपाळाला हात लावायचा, त्यानं उठून चालायला लागायचं, मी परत हाक मारायची, अशी धंद्याची रीत. बाई "बरं" म्हणाल्या आणि शेजारच्या दुकानात गेल्या. मी पायऱ्या उतरून त्यांच्या मागं धावलो.

"अवो बाई, काय तरी मागून तर बघायचं!"

"मला येत नाही ते. तुम्ही खरं सांगायचं. परवडलं तर घेईन, नाही तर नाही."

"आन् म्या खोटं सांगितलं तर?"

"तर मला कळणार नाही."

असल्या बोलण्याचा मला राग येतो. तरी त्या दिवसापासून मी त्यांना एकच भाव सांगत आलो. सगळ्या भोरात फक्त त्यांना.

त्यांची जीभ गोड नव्हती. गावातले दुसरे डॉक्टर आल्यागेल्याला "काळजी करू नका" म्हणायचे. बाई म्हणायच्या, "काळजी करा. पण इथं बसून करा, म्हणजे मला हाताशी एक माणूस मिळेल." एखादी म्हातारी सुनेला घेऊन यायची आणि हळूच विचारायची, "मुलगाच हाय न्हवं?"

"मूल आहे."

"पर तुमास्नी काय वाटतंय?"

"मला भूक लागलीय, असं वाटतंय."

माझ्या ओट्यावर बाळहिरडा वाळत पडलेला असायचा. पिकायच्या आधी झाडावरून उतरवलेला हिरडा तो, त्यालाच भाव जास्त. बाईंनी त्यातला एक उचलून बघितला आणि म्हणाल्या, "शेठ, धंदा तुमचा बरा. कच्चं आलं की तुम्हाला जास्त मिळतं. माझ्याकडं कच्चं आलं की माझी झोप जाते." मी हसलो होतो. तेव्हा हसायला काही वाटलं नाही.

आणीबाणी उठून वर्ष उलटलं होतं. लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी शांताला, माझ्या बायकोला, दिवस गेले होते. बाळंतपणाला ती माहेरी कामथडीला जायची होती, पण सातव्या महिन्यातच पोटात कळा यायला लागल्या. दसरा नुकताच झाला होता. मी तिला उचलून रस्ता ओलांडला.

मुलगी झाली. तिचा हात माझ्या अंगठ्याएवढा होता आणि पाठीवर कोवळ्या गवतासारखी लव होती. बाईंनी चहाच्या लाकडी खोक्याला आतून कापूस लावला होता आणि वर विजेचा दिवा सोडला होता. वीज गेली की गरम पाण्याच्या बाटल्या. ड्रॉपरनं आईचं दूध. आणि तळपायाशी आळीपाळीनं एक माणूस. कधी शांता, कधी कामथडीहून आलेल्या सासूबाई, कधी दवाखान्यातली आया, कधी मी. दुकान बंद ठेवून मी त्या खोक्याशी बसलो. एका जागी गप्प बसायची वेळ माझ्यावर तेव्हा पहिल्यांदा आली.

पाचवीच्या दिवशी सासूबाईंनी खोक्याशेजारी कोरा कागद आणि टाक ठेवला. सटवाई येते आणि मुलाच्या कपाळी काय ते लिहून जाते, म्हणून ठेवायचा. बाई आत आल्या, बघितलं.

"ठेवा. मात्र तिला सांगा, खोक्याचं झाकण उघडायचं नाही. गारठा जातो आत."

"बाई, असं बोलू न्हाई वो. ती रागावंल."

"रागावू दे. मीही तिच्यावर रागावलेय."

त्याच दिवशी मुलीचा श्वास लागोपाठ थांबला. टिचकीला उठायला ती जास्त वेळ घ्यायला लागली. मी बाईंना गाठलं.

"हे असं का हुतंय?"

"श्वास घे म्हणून मेंदू सांगतो. हिचा मेंदू अजून तयार नाही. सांगायचं विसरतो. आणखी महिनाभर काढला तर शिकेल."

"मग ह्याला औषध न्हाई काय?"

बाई लगेच बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "खात्रीचं नाही."

मी व्यापारी माणूस. घरात माल असून नाही म्हणणारा मला लांबून ओळखू येतो. त्याचा 'नाही' जरा उशिरा येतो. मी नेट लावला.

"बिनखात्रीचं तरी हाय?"

"शेठ, पायाकडं लक्ष ठेवा," त्या म्हणाल्या आणि बाहेर गेल्या.

बारसं व्हायच्या आधी, भर दुपारी, ती गेली. बाई स्वतः होत्या तिच्याजवळ. टिचक्या मारून झाल्या, पाठ चोळून झाली. मग त्यांनी तिच्या तोंडावर तोंड ठेवून फुंकर घातली, दिवा न विझता ज्योत हलावी एवढीच. पुन्हा घातली. पुन्हा घातली. शेवटी ताठ उभ्या राहिल्या.

"गेली."

एवढंच. देवाची इच्छा, तिचं आयुष्यच तेवढं, असलं काही नाही. शांता वाट बघत होती काही तरी बोलतील म्हणून. त्या भिंतीकडं तोंड करून उभ्या राहिल्या.

एवढ्या लहान जिवाला जाळत नाहीत. नीरेच्या काठाला मी स्वतः खड्डा केला. नाव ठेवलेलं नव्हतं, त्यामुळं हाक मारून रडायचीही सोय नव्हती.

थंडीत हिर्डोशीहून एक बाळंतीण आली. तिकडं वरंध्याच्या रस्त्याला एसटी कमी. नवऱ्यानं आणि दिरानं तिला डोलीतून अर्ध्या वाटेपर्यंत आणलं, पुढं मालट्रकमधून. पोर वाटेतच झालं होतं, लुगड्यात गुंडाळलेलं. माझ्या मुलीपेक्षाही लहान होतं. मी ओट्यावरून बघितलं आणि मनात म्हटलं, ह्यांनाही नदीचा रस्ता दाखवावा लागणार.

ते जगलं.

मग भोरात एकच विषय. बाईंनी पोराला कॉफी पाजली! शेजारच्या हॉटेलवाल्यानं गल्ल्यावरून ओरडून सांगावं, "आमी जन्मभर चहाच पीत ऱ्हायलो, म्हनून आमचं हे असं!" आया म्हणे सांगत होती की कॉफीत असतं तेच औषध दुधातून थेंबथेंब दिलं आणि पोरगं श्वास विसरायचंच थांबलं.

गंमत म्हणून ऐकत होतो. एक दिवस वेल्ह्याकडची एक म्हातारी दुकानात आली आणि कॉफीच्या वड्या मागायला लागली. तेव्हा कागदात गुंडाळलेल्या, साखर-जायफळ घातलेल्या वड्या मिळायच्या, दुधात टाकल्या की कॉफी तयार.

"कॉफी कवापासनं प्यायला लागलीस?" मी विचारलं.

"मला कशाला? नातवाला. अंग धरीना बगा पोर. बाईंनी त्या हिर्डोशीच्या पोराला पाजली म्हनं."

मी वड्या बरणीतून काढत होतो तोच बाई रस्ता ओलांडून आल्या. कुणी तरी त्यांच्या कानावर घातलं असावं. आल्या त्याच तावातावानं.

"शेठ, घरात तान्हं मूल असलेल्या कुठल्याही बाईला कॉफी विकायची नाही!" आणि म्हातारीला, "आजी, ते कॉफीचं दूध पाजलंत तर पोर हातचं जाईल. ती कॉफी नव्हती. औषध होतं, कॅफीन. तराजूवर गुंजेगुंजेनं तोलून, पाण्यात विरघळवून, त्यातले थेंब. उद्या नातवाला माझ्याकडं आणा."

म्हातारी गेली. मी सहज विचारलं, "कुठनं आणलं औषध? पुण्याहून?"

"नाही. कपाटातच असतं. डोकेदुखीच्या मिक्श्चरमध्ये घालतो आम्ही ती पांढरी पूड."

"मग त्याचं हे कळलं कुणाकडनं?"

"माझ्या वर्गातली एकजण पुण्याला मोठ्या दवाखान्यात आहे. तिनं सांगितलं."

"कवा?"

व्यापाऱ्याचा प्रश्न होता तो. माल कवा आला, एवढंच. त्यांनी काहीही सांगितलं असतं तरी मला कळणार नव्हतं. परवा म्हणाल्या असत्या तरी चाललं असतं.

"गणपतीत," बाई म्हणाल्या.

गणपती आधी. दसरा नंतर. हिशेब करायला मला वेळ लागला नाही.

"म्हंजे माझी पोर हितं तुमच्या खोक्यात पडली व्हती, तवा तुमास्नी ठावं व्हतं."

"हो."

"आन् पूड कपाटात व्हती."

"हो. किती द्यायची ते नक्की नव्हतं. कमी पडली तर उपयोग नाही, जास्त झाली तर झटके येऊन मूल जातं. पुण्याला तिच्याकडं रक्त तपासायला माणसं आहेत. माझ्याकडं एक तराजू आणि एक कंपाउंडर. भीती वाटली मला."

"मग त्या हिर्डोशीच्या पोराला दिली ती? तवा न्हाई वाटली भीती?"

"वाटली."

"मग?"

"तुमची गेली म्हणून दिली."

मी हातातलं मापटं भिंतीवर भिरकावलं. तांदूळ दुकानभर उडाला. रस्त्यावरची माणसं थांबली. मी काय काय बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही, पण ऐकणारे अजून भोरात आहेत, हवं तर विचारा. बाई हलल्या नाहीत. माझं बोलून संपल्यावर म्हणाल्या, "कॉफीचं तेवढं लक्षात ठेवा, शेठ," आणि गेल्या.

माझी मुलगी त्यांच्या तागडीत वजनासारखी पडली. ती पडली तेव्हा कुठं दुसरं पारडं वर उचललं. वर उचललेल्या पारड्यातल्यासाठी पेढे वाटले गेले. वजनाला कोण पेढा देतं?

त्यानंतर मी माझ्या रीतीनं सौद्याला बसलो. मला पैसा नको होता, माफी नको होती. एक वाक्य हवं होतं. दोन्हींतलं कुठलंही चाललं असतं. दवाखान्यात गर्दी नसली की मी रस्ता ओलांडून जायचो आणि त्यांच्या टेबलासमोर बसायचो.

"दिलं असतं तर जगली असती म्हणा. म्या तुमास्नी जन्मभर शिव्या देईन आन् मोकळा हुईन."

"माहीत नाही."

"बरं, नसती जगली म्हणा. घरी जाऊन शांताला सांगतो. ती तरी झोपंल."

"तेही माहीत नाही, शेठ."

"अवो, एवढं खोटं बोललं तर काय जीभ झडंल?"

"झडणार नाही. पण पुढचं मूल आलं की मला माझंच खोटं खरं वाटायला लागेल. मग त्या मुलाचं काय?"

मी उठून चालायला लागायचो, हाक येईल म्हणून दारात रेंगाळायचो. हाक यायची नाही. आयुष्यात मी इतके सौदे केले, समोरचा माणूस तसूभरही खाली आला नाही असा हा एकच.

मी त्यांना तांदूळ द्यायचा बंद केला. त्या दुसरीकडून घ्यायला लागल्या. भातात खडे लागतात, असं आयाकडून कळायचं. लागू देत, म्हणायचो मी.

समोरासमोर दारं असल्यानं बघणं मात्र चुकायचं नाही. अपुऱ्या दिवसांची मुलं आता लांबून लांबून यायला लागली होती, वेल्ह्याकडून, घाटाकडून. बाई थेंब द्यायच्या. सगळीच जगली नाहीत. पुष्कळ जगली. एखादं जगून घरी निघालं की मला वाईट वाटायचं. एखादं गेलं की त्याहून वाईट वाटायचं. अशा मनानं दिवसभर गल्ल्यावर बसून माणूस चिडका होणार नाही तर काय होणार?

पुढच्या वर्षी शांताला पुन्हा दिवस गेले. मी म्हटलं, पुण्याला जाऊ. ती म्हणाली, "म्या त्यांच्याकडंच जानार."

"जिनं पोर मारली तिच्याकडं?"

"मारली न्हाई. भ्याल्या त्या. अवो, म्या भ्याले असं तोंडावर सांगनारं दुसरं मानूस दावा मला. मग जाते तिकडं."

मला दाखवता आलं नाही. मुलगा झाला, पूर्ण दिवसांचा. बाई बाहेर आल्या आणि कित्येक महिन्यांनी माझ्याशी बोलल्या. "मुलगा आहे. वजन चांगलं. श्वास व्यवस्थित."

"खात्रीनं?" मी कुत्सितपणे म्हणालो.

"खात्रीनं."

हा शब्द त्यांच्या तोंडून मी तेव्हा एकदाच ऐकला.

पुढं थोड्याच काळात त्यांना पोटाचं दुखणं लागलं. प्रसूतिगृह बंद झालं, खाटा विकल्या गेल्या. आज त्या जागी कपड्याचं दुकान आहे आणि तिथल्या पोरांना विचाराल तर त्यांना काही सांगता येणार नाही. भाचा पुण्याहून त्यांना न्यायला आला, त्याच्या आदल्या सकाळी मी दवाखान्याच्या माडीवर त्यांच्या खोलीत गेलो. जाताना आंबेमोहराची पिशवी घेतली. खडे मी स्वतः निवडले होते.

त्या खिडकीशी पडून होत्या. अंगाचं चिपाड झालं होतं.

"बसा, शेठ."

"काय म्हणतंय दुखणं?"

"नेतो म्हणतंय."

"काळजी करू नका," मी म्हणून गेलो.

त्या हसल्या. हसताना त्यांना दुखलं.

"तुम्हाला ते वाक्य हवं होतं ना? घ्या आज. कुठलं देऊ? जगली असती, की नसती?"

एवढी वर्षं मी ह्याच क्षणासाठी रस्ता ओलांडत होतो. माल समोर होता, भाव माझा होता. आणि मला असा संताप आला की पिशवीचा बंद हातात तुटला.

"आता कळलं का काय तुमास्नी?"

"नाही. पण तुम्ही दमलात. मीही दमले. घ्या, फुकट देतेय."

"म्या फुकटचं घेत न्हाई," मी म्हणालो.

त्यांनी डोळे मिटले. रागावल्या की सुटल्या, मला कळलं नाही. पिशवी खिडकीत ठेवून मी जिना उतरलो. दुसऱ्या दिवशी भाचा त्यांना घेऊन गेला आणि महिन्याच्या आत त्या गेल्याची बातमी आली.

त्या सकाळी त्यांना भेटून घरी आलो तेव्हा शांता भाकरी थापत होती. मुलगा तिच्या पाठीशी पीठ सांडत बसला होता. तिनं वर न बघता विचारलं, "काय म्हनाल्या?"

"माहीत न्हाई म्हणाल्या."

"आजबी?"

"आजबी."

तिनं तव्यावरच्या भाकरीवर पाण्याचा हात फिरवला.

"शेवटपतुर खरंच बोलल्या म्हनायच्या," ती म्हणाली, आणि भाकरी उलटली.